पडेल तो काढा पिईल

माझं जवळजवळ ठरलेलं एक लग्न आमच्या घरमालकांनी मोडलं, आणि तेही माझी स्तुती करता करता. इस्लामपूरचे पाहुणे होते. मुलीकडचे लोक मुलाला बघून जातात ते आपलं वरवरचं; खरी चौकशी होते ती शेजारीपाजारी, कोपऱ्यावरच्या किराणा दुकानात आणि घरमालकाकडे. त्याप्रमाणे मुलीचे वडील आणि मामा मी ऑफिसात असताना माधवनगरला आले आणि अण्णांच्या व्हरांड्यात बसले. आमच्या घरमालकांना सगळी गल्ली अण्णाच म्हणायची. अण्णांनी त्यांना पाणी दिलं, चहा दिला आणि सांगितलं, "पोरगं चांगलं हाय. भाडं येळंवर देतंय. आवाज चढवून बोलत न्हाई. रविवारी दुपारी बियर प्यायचं, ते मी बंद केलं. आता माझ्या घरात काढा पितंय. भाईर काय पितंय ते मला ठावं न्हाई, मी बघितल्यालं न्हाई."

पाहुण्यांनी चहा अर्धा तसाच ठेवला म्हणे. संध्याकाळी अण्णा जिना चढून वर आले ते चेहरा समाधानाने भरून. "लय चांगली माणसं हायत बघ. मी तुजं सगळं खरं-खरं सांगितलंय. काय काळजी करू नगंस." काळजी करण्यासारखं काही शिल्लकच राहिलं नव्हतं. त्या मामांनी नंतर माझा फोनसुद्धा उचलला नाही.

आता मी साताऱ्यात असतो, संसारात पडलो आहे, आणि माझी बायको इस्लामपूरची नाही. तरी कोणी 'खोली भाड्याने घ्यायची आहे, मालक कसा असावा' असं विचारलं की माझं डोकं तापतं. मालक थोडासा खोटारडा असावा, असं मी सांगतो. लोकांना वाटतं मी गंमत करतोय.

अण्णा हळदीचे दलाल होते. मी राहायला गेलो तेव्हा त्यांनी धंदा सोडून दिला होता, पण धंद्याने त्यांना सोडलं नव्हतं. कुठल्याही विषयावर ते उजव्या हाताची बोटं मोडल्यासारखी करून म्हणायचे, "मी हळकुंड मोडून आतला रंग दावल्याबिगर कदी भाव बोललो न्हाई." आमचा जुना फ्रीज विकायचा होता तेव्हा घ्यायला आलेल्या माणसाला त्यांनी फ्रीजचे सगळे दोष सांगितलेच, शिवाय पुढे कुठले दोष निघू शकतात तेही सांगितले. तो माणूस गेला. मी खोली सोडून जाईपर्यंत फ्रीज आमच्याकडेच गुरगुरत होता.

ते जैन होते आणि धर्म मनापासून पाळायचे, म्हणजे आम्हाला त्याचा ताप मनापासून व्हायचा. खोलीत अंडंसुद्धा आणायचं नाही, दारूचा तर प्रश्नच नाही, ही अट त्यांनी पहिल्याच दिवशी घातली होती आणि मी मान डोलावली होती. जिन्यावर मुंग्यांची रांग असली की ते रांग संपेपर्यंत पायरीवर उभे राहायचे, आणि मला ऑफिसला उशीर झालेला असला तरी मलाही उभं करायचे. डास मारायची ती विजेची बॅट आम्ही आणली होती. रात्री वर 'चट्ट' असा आवाज झाला की खालून लगेच हाक यायची, "कोन गेलं रं?" आता याचं उत्तर काय द्यायचं? शेवटी आम्ही बॅट कपाटात ठेवून दिली आणि डास चावून घ्यायला लागलो.

सूर्य मावळल्यावर ते पाण्याचा थेंबही तोंडात घेत नसत. मात्र तपकीर ओढायचे. पितळेची एक चपटी डबी कायम त्यांच्या बंडीच्या खिशात असायची. डॉक्टरांनी बंद करा म्हणून कितीदा सांगितलं होतं, काकू, म्हणजे त्यांची बायको, रोज ओरडायच्या, पण अण्णा म्हणायचे, "ते नाकात जातंय, पोटात न्हाई." त्या तपकिरीने त्यांच्या नाकाची पार वाट लागली होती. गॅस गळला तरी त्यांना वास यायचा नाही. हे मी मुद्दाम सांगतोय, कारण त्या नाकाच्या भरवशावरच आमचे रविवार चालले होते.

'आमचे' म्हणजे माझे आणि बिरूचे. आम्ही दोघं त्या वरच्या खोलीत राहायचो आणि ठिबक सिंचनाच्या एकाच कंपनीत होतो. मी ऑफिसात, तो शेतावर नळ्या जोडायला. बिरू आटपाडीकडचा. त्याचा बाप मेंढरं घेऊन हिंडलेला माणूस, आणि बिरूलाही एका जागी बसवायचं म्हणजे शिक्षाच. तो बसायचा फक्त व्हिडिओ गेम समोर असला की. पुण्याच्या कुठल्याशा मित्राकडून त्याने जुना सेट आणला होता, चार रिमोटवाला. त्यात मोटारींच्या शर्यतीचा एक खेळ होता. लहानलहान बाहुल्या लहानलहान गाड्यांतून आभाळातल्या रस्त्यावरून पळतात, वाटेत खोकी मिळतात, खोक्यांतून कधी तेल निघतं, कधी बाँब, ते दुसऱ्याच्या गाडीवर टाकायचं. कडेला कठडा नाही. चुकलं की गाडी ढगांत खाली.

रविवारी दुपारी ऑफिसातलं आणखी कोणीतरी यायचं, स्टीलच्या पेल्यांत बियर ओतायची, बिरूच्या पेल्यात काहीतरी जास्त कडक असायचं, आणि नियम साधा होता: जो पडेल त्याने घोट घ्यायचा. हा नियम बिरूने काढला होता. कॉलेजच्या पोरांत असले नियम असतात, त्यात विशेष काही नाही, असं मला वाटायचं.

विशेष एवढंच होतं की बिरूची बायको माहेरी जाऊन बसली होती. जतकडचं माहेर तिचं. लहान पोरीला घेऊन ती गेली ती बिरूच्या पिण्यापायी, आणि जाताना एवढंच म्हणून गेली होती, "दिवाळीला येऊन बघते. कोरडं दिसलासा तर ऱ्हाते, न्हाईतर पोरगीला बापाचं नाव तेवढं ठेवते." बिरूने तिच्यासमोर बिरोबाचा भंडारा उचलून शपथ घेतली होती. भंडारा म्हणजे देवापुढची हळद; ती उचलणं ही त्यांच्यात शेवटची शपथ. ती त्याने पंधरवड्यात मोडली, आणि तेव्हापासून तो गावी देवळाच्या पायरीलाही जात नव्हता. मी त्याला समजवायचो नाही. मी त्याच्या शेजारी बसून बियर प्यायचो आणि म्हणायचो, होईल सगळं ठीक.

असे आमचे रविवार चालले असताना एकदा आरडाओरडा ऐकून अण्णा वर आले. आम्ही पेले लपवायच्या आत ते पडद्यासमोर बसलेसुद्धा. वास त्यांना येणं शक्य नव्हतं. ते बराच वेळ बघत राहिले आणि मग म्हणाले, "मला दे की एक."

तिथून माझ्या छळाला सुरुवात झाली. अण्णा दर रविवारी जेवण आटोपून वर यायचे, सतरंजीवर मांडी घालून रिमोट दोन्ही हातांत देवाचा प्रसाद धरावा तसा धरायचे आणि कानडीत "वंदू, येरडू, मूरू" म्हणत शर्यत सुरू करायचे. त्यांच्या घरात कानडी आणि मराठी दोन्ही चालायचं. आकडे मोजायचे ते मात्र कानडीतच. गाडी ते बैलगाडीच्या वेगाने चालवायचे. मागून कोणी आला की बाजू द्यायचे. "जा बाबा, तुला घाई हाय," असं पडद्याकडे बघून म्हणायचे. खोक्यातून बाँब निघाला तर तो टाकायचे नाहीत. "अण्णा, टाका! माझ्या पुढं तो आहे, टाका!" असं मी ओरडायचो. ते शांतपणे म्हणायचे, "त्यानं माजं काय केलंय?" शर्यत संपेपर्यंत तो बाँब त्यांच्या गाडीला तसाच टांगलेला. आम्ही तिन्ही फेऱ्या मारून त्यांच्या पहिल्या फेरीची वाट बघत बसायचो, कारण त्यांना मध्येच बंद केलेलं चालायचं नाही. "सुरू केलंय ते पुरं करायचं."

आणि ते पडायचे नाहीत. इतक्या हळू जाणारा माणूस पडणार कसा?

पण हळू जाणाऱ्या माणसाला आजूबाजूचं दिसतं. आषाढ संपत आला होता. येत्या रविवारी गटारी साजरी करायची, मग श्रावण लागला की महिनाभर बंद, असा आमचा बेत ठरला होता. गटारीच्या त्या रविवारी शर्यत चालू असताना अण्णांनी आपली गाडी रस्त्यात उभीच केली. बिरूची गाडी सगळ्यांच्या पुढे होती आणि एका सरळ रस्त्यावरून, जिथे वळण नाही, तेल नाही, तिथून ती अलगद कडेला जाऊन ढगांत पडली. बिरूने पेला उचलला.

"हा मुद्दाम पडतोय," अण्णा म्हणाले. "ह्यो सगळ्यात हुशार हाय आन् सगळ्यात जास्त पडतोय. असं कसं? पडून ह्येला काय मिळतंय?" आणि त्यांनी बिरूच्या हातातला पेला काढून घेतला, नाकाशी नेला, काही कळलं नाही म्हणून त्यात बोट बुडवलं आणि बोट डोळ्यांजवळ धरून बघितलं. मग पेला खाली ठेवून ते बाहेर गेले आणि नळाखाली ते बोट कितीतरी वेळ धूत बसले.

मला वाटलं, आता खोली गेली. मी मनातल्या मनात सामान बांधायलाही लागलो. अण्णा परत आले आणि माझ्याकडे न बघता बिरूसमोर बसले. "कवापास्नं?" त्यांनी विचारलं. बिरूने सांगितलं. बायकोचं सांगितलं, दिवाळीचं सांगितलं, भंडाऱ्याचंही सांगितलं. मी मध्ये पडलो. म्हटलं, "अण्णा, तसा तो दारुडा नाही हो. श्रावण कडक पाळतो."

हे मी अगदी मनापासून म्हणालो होतो. आमच्याकडे सगळीकडे हीच समजूत आहे. जो श्रावण पाळतो तो दारुडा नव्हे. माझे चुलते, बिरूचे मामा, आमचे साहेब, सगळे श्रावण पाळणारे, म्हणून सगळे सुटलेले.

अण्णांनी माझ्याकडे पाहिलं. "आन् बाकीचं अकरा म्हैनं कुनाचं रं?"

त्यांनी आम्हाला घालवून दिलं असतं तर मी त्यांना आज धन्यवाद दिले असते. पण त्यांनी तसं केलं नाही. त्यांनी आमचा खेळच ताब्यात घेतला. त्यांच्या धर्मात 'नियम घेणं' म्हणून एक प्रकार असतो. जन्मभराची शपथ नव्हे. तासाभराचा, दिवसाचा, जेवढं झेपेल तेवढ्याचा नियम. अण्णा बिरूला म्हणाले, "तू एकदम भंडारा उचललास तितं चुकलास. सौद्यात पयल्याच बोलीला सगळी पोती कोन देतंय व्हय? बारका नियम घे. ही एक शर्यत हुईस्तवर प्यायचं न्हाई. जमंल?"

"एक जमंल की," बिरू म्हणाला.

"मग घे. वंदू, येरडू, मूरू."

एक झाली, मग दुसऱ्या शर्यतीचा नियम. मग दिवस मावळेपर्यंतचा. बिरूच्या बरोबरीने अण्णांनीही घेतला. खिशातली डबी काढून त्यांनी आमच्या टीव्हीच्या मागे ठेवली. "तू बाटली, मी डबी." माझं कोणी विचारलंच नाही. माझी बियर काकूंच्या देखत मोरीत ओतली गेली आणि काकूंनी ती मोरी फिनेलने धुतली.

पुढच्या रविवारी अण्णा पितळी तांब्या घेऊन वर आले. त्यात काढा होता. काडेचिराईत, गुळवेल, सुंठ, हळद आणि आणखी काय काय. कडू म्हणजे किती कडू, तर तो प्यायल्यावर दुसऱ्या दिवशीच्या चहाला चव यायची नाही. नियम तोच ठेवला होता: जो पडेल त्याने घोट घ्यायचा. फक्त पेल्यातलं बदललं होतं.

याचा परिणाम असा झाला की बिरू पडायचा बंद झाला. त्याची गाडी अशी पळायला लागली की बघत राहावं. अण्णा पडणं शक्यच नव्हतं. ऑफिसातले मित्र पहिल्याच रविवारी काढ्याचा वास घेऊन जे पळाले ते पुन्हा फिरकले नाहीत. उरलो मी. मला तो खेळ कधीच नीट जमला नव्हता. मी पडायचो, खरोखरचा पडायचो, आणि अण्णा पेला भरून पुढे करायचे. व्यसन एकाचं आणि औषध दुसऱ्याला. मी कुरकुर केली तर म्हणायचे, "नियम म्हंजे नियम. आन् रक्त बी साफ हुतंय." तांब्या सूर्यास्ताच्या आत संपलाच पाहिजे, कारण नंतर प्यायचं नाही. म्हणून उन्हं कलली की ते घाई करायचे, "पड की लवकर, पेला ऱ्हायलाय!" तोंड दाबून बुक्क्यांचा मार म्हणतात तो हाच. मी खोली सोडून जायचं रोज ठरवायचो, आणि रोज राहायचो, कारण बिरूला एकटं सोडवत नव्हतं, हे खरं. मला त्याची काळजी होती. फक्त ती काळजी मी आधी बियर पिऊन करत होतो, आता काढा पिऊन करायला लागलो.

श्रावण सहज गेला. श्रावणात काय, कोणीही राहतो. श्रावण संपला त्या दिवशी मी हळूच विचारलं, आता? अण्णा पंचांग घेऊनच वर आले होते. "आता गणपती येनार. गणपती घरात असताना पितोस व्हय रं?" बिरू कानाला हात लावून म्हणाला, "छ्या!" गणपती गेले. "आता पितृपंधरवडा. आज्जा-पंजा दारात आल्यावर वास मारत बसनार?" तोही गेला. मग नवरात्र, बिरूच्या घरी घट, तेव्हा प्रश्नच नाही. हा माणूस आपल्या धर्माचे उपास बिरूला एकदाही सांगत नव्हता. बिरूच्याच देवांना एकामागून एक दाराशी उभं करत होता. हे मला कळत होतं आणि वैतागही येत होता, कारण त्या सगळ्या देवांच्या नावाने काढा मी पीत होतो.

मी एकदा चिडून म्हणालो, "अण्णा, हे असं पंचांग बघून कोणी सुटतं का? दसऱ्यानंतर काय? दसरा ते दिवाळी तर कुठलाच देव नाही." त्यांनी पंचांग उलटसुलट केलं. "त्येच बघतोय मी," ते म्हणाले.

बिरू दसऱ्याला गावी गेला. पुष्कळ महिन्यांनी तो बिरोबाच्या देवळात जाणार होता. अण्णांनीच त्याला पाठवला. मी म्हणत होतो, नको. तिथे चुलतभाऊ असतात, मित्र असतात, दुसऱ्या दिवशी बकरं पडतं, त्यात काय होतं ते मला माहीत होतं. अण्णा म्हणाले, "देवाला भ्येऊन किती दीस ऱ्हानार त्यो?"

तो परत आला तेव्हा अण्णा संध्याकाळच्या जेवणाला बसणार होते. काकूंनी ताट वाढलं होतं. फाटक वाजलं आणि बिरू आत आला तो भिंत धरून. कपाळाला भंडारा होता, शर्टावर भंडारा होता, आणि त्याला उभं राहता येत नव्हतं. तो जिन्याच्या पहिल्या पायरीवर बसला आणि रडायला लागला. मी त्याला उचलायला धावलो. "वर चल, गड्या. झोप. सकाळी बोलू." तो हलेना. "मोडला," एवढंच म्हणत होता. "परत मोडला. आता ती काय येत न्हाई."

मला त्याचा राग आला नाही, अण्णांचा आला. मी त्यांच्यावर ओरडलो. म्हटलं, तुम्ही पाठवलंत! तुमच्या हट्टापायी झालं हे! अण्णा वाढलेलं ताट सोडून आले आणि बिरूच्या शेजारी पायरीवर बसले. त्यांच्या घरात ज्या वासाला बंदी होती तो त्यांच्या खांद्याला टेकून बसला होता. अर्थात त्यांना तो येत नव्हता. काकू दारात उभ्या राहून म्हणत होत्या, "आवं, दीस बुडाया लागलाय, दोन घास खाऊन घ्या." अण्णा उठले नाहीत. सूर्य समोरच्या बंद पडलेल्या गिरणीच्या मागे गेला. काकूंनी ताट झाकून आत नेलं. आता उद्या सकाळपर्यंत पाणीसुद्धा नाही, हे आम्हा सगळ्यांना माहीत होतं.

"बिरू," अण्णा म्हणाले, "मी बी वढली."

बिरूने मान वर केली.

"तपकीर. गनपतीत. दोनदा. दुसरी डबी घेऊन आल्तो गावातनं. ह्या परसातल्या चिंचंखाली बसून वढली आन् हिला म्हनलो, सर्दी झालीय."

काकू दारातून म्हणाल्या, "मला ठावं हाय."

"हिला ठावं हाय," अण्णा म्हणाले. "तुला सांगायला पायजे हुतं, त्येवडं जमलं न्हाई. मोडला त्यो आजचा नियम, रं. आजचा मोडला म्हनून उद्याचा घ्यायचा न्हाई, असं कुटं असतंय? उद्या दुपारपातूर घेतोस? मी घेतो."

बिरूने अण्णांचा हात धरला आणि पायरीवरच आडवा झाला. आम्ही दोघांनी त्याला वर नेलं. अण्णांनी पाय धरले होते आणि प्रत्येक पायरीवर "सावकाश, मुंग्या बघ" असं मला सांगत होते. त्या क्षणी मी त्यांना जिन्यावरून ढकलून दिलं असतं, इतका मी वैतागलो होतो.

दसरा ते दिवाळी असेच गेले. दुपारपर्यंतचा नियम, मग संध्याकाळपर्यंतचा. कुठलाही देव मदतीला नव्हता. दोन माणसं एकमेकांचं तोंड बघून दिवस काढत होती आणि तिसरा काढा पीत होता.

वसुबारसेच्या सकाळी बिरूची बायको आली. तिला मी फोटोतच पाहिली होती. काटक, सावळी, पोरगी कडेवर, एका हातात पिशवी. ती पिशवी तिने खाली ठेवली नाही. बिरू खोलीच्या दारात आंघोळ करून, इस्त्रीचा शर्ट घालून उभा होता आणि त्याचा रंग उडाला होता. तिने त्याच्याकडे एकदा पाहिलं आणि मला विचारलं, "भावजी, तुमी संगं ऱ्हाता. खरं सांगा. प्याले का ह्ये?"

मी आदल्या रात्रीपासून तयारी केली होती. म्हटलं, "वहिनी, श्रावणापासून एक थेंब नाही. माझ्या डोळ्यांदेखत." आवाज असा लावला की माझा मलाच विश्वास बसावा.

तेवढ्यात अण्णा खालून वर आले. मी त्यांना खुणा केल्या. डोळे मोठे केले, मान हलवली, हात जोडले. त्यांनी त्या सगळ्या खुणा नीट पाहिल्या आणि विचारलं, "तुला काय हुतंय रं?"

"अण्णा," ती म्हणाली, "तुमी घरमालक नव्हं? तुमी सांगा. प्याले का?"

"प्याला," अण्णा म्हणाले. "दसऱ्याला. त्येच्या आदी श्रावनापास्नं न्हाई. त्येच्यानंतर न्हाई. घरात असताना मी बघितलंय. कामावर गेल्यावर काय ते मी बघितल्यालं न्हाई."

मी डोळे मिटून घेतले. एका माणसाचा संसार उभा राहत होता आणि हा गृहस्थ हळकुंड मोडून दाखवत होता. काय अडलं होतं एक वाक्य गिळायला? मी संतापून काहीतरी बोलणार होतो, पण ती माझ्याकडेच बघत होती.

"मला ठावं हाय," ती म्हणाली. "ह्यांनीच दुसऱ्या दिवशी फोन करून सांगितलंय. रडत हुते." मग म्हणाली, "भावजी, तुमची लय माया हाय ह्यांच्यावर. पर मायेची मानसं आमच्या घरात पयल्यापास्नंच रग्गड हायती. सगळी म्हनायची, न्हाई गं प्याला, तुजा संशय. सासू म्हनायची, दीर म्हनायचा. मलाच येडी ठरवलं हुतं."

मला इतकी लाज वाटली की मी टीव्हीकडे बघत राहिलो.

तिने पिशवी खाली ठेवली. पोरगी बिरूच्या हातात दिली. त्याने ती घेतली ती काचेचं भांडं घ्यावं तशी, आणि मग भिंतीला टेकून खालीच बसला. पदर खोचत ती अण्णांकडे वळली. "खाली मागच्या अंगाला खोली रिकामी दिसली. ती भाड्यानं मिळंल का? मला तुमच्या हिथंच ऱ्हायाचंय."

मी म्हटलं, चला, निदान आता तरी हा माणूस सरळ हो म्हणेल.

"हाय की रिकामी," अण्णा म्हणाले. "पर पावसाळ्यात त्येची मागली भिंत वली हुती. पानी एक दिसाआड. खिडकी लागत न्हाई नीट. आन् ह्यो वरचा," त्यांनी माझ्याकडे बोट केलं, "रातच्याला लय घोरतोय. खालपातूर ऐकू येतंय."

"यीना का," ती म्हणाली आणि खोली बघायला जिना उतरायला लागली. अण्णा तिच्या पुढे होऊन पायरीवरच्या मुंग्या दाखवत होते.

मी घोरतो हे मला तोपर्यंत कोणीच सांगितलं नव्हतं. आईने नाही, बिरूनेसुद्धा नाही. मी रागारागाने म्हणणार होतो की साफ खोटं आहे. पण अण्णांनी सांगितलंय म्हटल्यावर मी घोरतच असणार.